तिच्या म्होरं बोला

कोरेगाव तालुक्यातल्या आमच्या जुन्या घराच्या सोप्यात काही वर्षांपूर्वी एक बैठक बसली होती. चुलत बहिणीने दुसऱ्या जातीतल्या मुलाशी साताऱ्यात नोंदणी पद्धतीने लग्न केलं होतं, आणि तीन आठवड्यांनी ती एकटीच घरी आली होती. ती माजघरात आजीजवळ बसलेली, आणि बाहेर सोप्यात तिच्याविषयी बोलणं चाललेलं. आत्या म्हणाली, "मला काय बरं वाटत न्हाय बघा." थोरले काका म्हणाले, "भावकीत बरं दिसत नाही." मग तासभर हीच दोन वाक्यं आलटून पालटून फिरत राहिली. शेवटी आजी उंबऱ्याशी येऊन उभी राहिली आणि म्हणाली, "वंगाळ काय केलंय पोरीनं, तेवढं सांगा की."

कुणी काही बोललं नाही. मीही बोललो नाही.

त्या बैठकीचा शेवट पुढे सांगतो. आधी ती तीन वाक्यं. बरं वाटत नाही, बरं दिसत नाही, आणि वंगाळ आहे की नाही. आपण ती एकाच दमात बोलतो, म्हणून ती एकच वाटतात. पण "मला बरं वाटत नाही" हे आत्याच्या मनाविषयीचं वाक्य आहे. ते खोटं ठरवायला कुणालाच जमणार नाही. तिला वाटतंय म्हणजे वाटतंय. "बरं दिसत नाही" हे भावकीविषयीचं आहे, आणि चार घरं फिरून त्याची खात्री करून घेता येते. आजीने विचारलं ते मात्र त्या मुलीच्या कृतीविषयी होतं. त्याला उत्तर द्यायचं तर कारण द्यावं लागतं, आणि कारण दिलं की ते तपासता येतं, खोडता येतं. पहिल्या दोन वाक्यांची कितीही बेरीज केली तरी तिसऱ्याचं उत्तर निघत नाही, असं माझं म्हणणं आहे. आपल्याकडचं बहुतेक सार्वजनिक बोलणं मात्र ती बेरीज करूनच चाललेलं असतं.

याच्या विरुद्ध बाजूला एक फार ताकदीचा माणूस उभा आहे, आणि त्याला टाळून पुढे जाणं बरोबर होणार नाही. स्कॉटलंडच्या डेव्हिड ह्यूम या तत्त्वज्ञाने १७३९-४० साली, तिशीही गाठलेली नसताना, असं मांडलं की चांगलं-वाईट हे बुद्धीला दिसतच नाही. खुनासारखं उघड वाईट कृत्य घ्या, तो म्हणतो, आणि त्यातलं 'वाईट' नेमकं कुठे आहे ते शोधून दाखवा. आपल्या भाषेत सांगायचं तर पंचनामा करा. पंचनाम्यात जागा येईल, वेळ येईल, हत्यार, रक्ताचे डाग, कोण कुठे उभं होतं ते सगळं येईल. 'वाईट' कुठल्याच रकान्यात येणार नाही. ते सापडतं तेव्हा पंचनामा करणाऱ्याच्या पोटात कालवतं त्यात सापडतं. बुद्धी फक्त काय आहे आणि कशाने काय होतं एवढं सांगते. काय व्हावं हे भावनाच ठरवते. ह्यूमने तर टोक गाठलं: माझ्या बोटाला ओरखडा येण्यापेक्षा अख्खं जग नष्ट झालेलं परवडलं असं कुणाला वाटलं, तर त्यात बुद्धीच्या विरुद्ध काहीच नाही.

हे वाचून पहिल्यांदा राग येतो. पण सांगली-साताऱ्यात राहणाऱ्याला ह्यूमचं म्हणणं इतक्या सहज झटकता येत नाही. मार्च २०१७ मध्ये मिरज तालुक्यातल्या म्हैसाळला, गर्भपात करताना एका तरुण विवाहितेचा मृत्यू झाला. त्याच्या तपासात पोलिसांना ओढ्याकाठी पुरलेले १९ भ्रूण सापडले. त्याच्या सहा वर्षं आधीच्या, २०११ च्या जनगणनेत सांगली जिल्ह्यात सहा वर्षांखालच्या हजार मुलग्यांमागे ८६७ मुली होत्या. हे अडाणीपणातून झालं असं म्हणून आपण मोकळे होतो, पण हा उसाचा, द्राक्षाचा, हळदीचा, सहकाराचा, शाळा-कॉलेजांचा जिल्हा आहे. इथे बुद्धी कमी पडली नव्हती. उलट हिशेब पक्का होता: मुलीचं शिक्षण, लग्न, हुंडा, जमिनीची वाटणी. ऐंशीच्या दशकात मुंबईच्या गर्भलिंग चाचणीच्या जाहिराती हेच सांगायच्या, आज पाचशे खर्च करा, उद्या पन्नास हजार वाचवा. त्या बेरजेत चूक दाखवता येत नाही. नुसता हिशेब माणसाला ओढ्याकाठीही नेऊ शकतो. ह्यूमचं एवढं मला मान्य करावंच लागतं.

पण त्या घरांमध्ये भावना नव्हत्या असंही नाही. आयांच्या डोळ्यांत पाणी होतं, सासवांच्या मनात वंशाच्या दिव्याची आस होती. ती आस खरीखुरी भावना आहे, कुणी शिकवून आणलेली नाही. नातवासाठी नवस बोलणाऱ्या बाईचं मन किती हळवं असतं हे आपण सगळ्यांनी पाहिलं आहे. मग कुठल्या भावनेचं ऐकायचं? आईच्या रडण्याचं की सासूच्या आसेचं? "जी जास्त तीव्र तिचं" म्हणाल, तर म्हैसाळच्या ओढ्याकाठी जास्त तीव्र भावनेचंच ऐकलं गेलं होतं. दोन भावनांमधून एक निवडायची वेळ येते तेव्हा निवडायचं काम तिसऱ्या भावनेकडे देऊन भागत नाही.

ह्यूमचाच मित्र अॅडम स्मिथ याने पुढे या ओरखड्याला उत्तर दिलं. तोही भावनेच्याच पक्षाचा, पण नजर जास्त चौकस. तो म्हणतो, चीनमध्ये भूकंप होऊन लाखो माणसं गाडली गेली, तर युरोपातला सज्जन गृहस्थ हळहळेल, दोन शब्द बोलेल आणि रात्री शांत झोपेल. उद्या स्वतःची करंगळी कापली जाणार आहे एवढं कळलं, तर मात्र त्याला झोप लागणार नाही. भावनेचं वजन असं असतं. पण करंगळी वाचवण्यासाठी त्या लाखो माणसांचा बळी देशील का, असं विचारलं तर तो गृहस्थ शहारेल. हे शहारणं कळवळ्यातून येत नाही, कारण कळवळा त्याला रात्री झोपू देत होता. स्मिथच्या मते ते येतं बुद्धीतून, तत्त्वातून, आपल्या आत बसलेल्या एका तिऱ्हाइताकडून, जो सांगतो की तू या सगळ्यांमधला फक्त एक आहेस.

भूकंपाचा हा दाखला आमच्या जिल्ह्याला दूरचा नाही. ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे कोयनानगर हादरलं. दीडशेहून अधिक माणसं गेली, आणि अख्खा महाराष्ट्र हळहळला. आमच्या घरातली मोठी माणसं त्या पहाटेचं अजून सांगतात, भांडी कशी पडली, गुरं कशी ओरडली. पण त्याच खोऱ्यात, त्याच दशकाच्या सुरुवातीला, धरणाचं पाणी अडवलं गेलं आणि गावंच्या गावं शिवसागर जलाशयाखाली गेली, तेव्हाचं कुणी काही सांगत नाही. ती माणसं कुठे सांगलीत, कुठे सोलापूरकडे, कुठे घाट उतरून ठाणे-रायगडकडे पांगली. आज त्या धरणात १०५ टीएमसी पाणी साठतं, त्याच्या जोरावर १,९६० मेगावॉटचे विजेचे संच उभे आहेत, आणि त्या विजेवर मी हा लेख लिहितो आहे. साठ वर्षं उलटून गेली तरी विस्थापितांतल्या कितीतरी घरांचे जमिनीचे प्रश्न सुटलेले नाहीत; श्रमिक मुक्ती दल या संघटनेच्या झेंड्याखाली ती माणसं पुन्हा पुन्हा धरणं धरून बसली आहेत.

भूकंप एका रात्रीत झाला, त्याला चेहरा होता, बातमी होती, म्हणून मन द्रवलं. विस्थापन संथ झालं, कागदावर झालं, म्हणून मन द्रवलं नाही. २०१९ च्या ऑगस्टमध्येही मी हेच पाहिलं. सांगलीला आयर्विन पुलाजवळ कृष्णेचं पाणी ५७ फुटांच्या वर गेलं, ब्रह्मनाळला बोट उलटून माणसं बुडाली, आणि आमच्याकडून चपात्या, चादरी, पाण्याचे बॉक्स भरून ट्रकामागून ट्रक गेले. त्या मदतीचा मला आजही अभिमान आहे. पण हायवेलगतच्या गावात कपड्यांचे ढीग पडले होते आणि दोन फाटे आत गेलं की पिण्याचं पाणी नव्हतं. कळवळा डोळ्यांच्या मागोमाग चालतो. जिथे डोळे पोचत नाहीत तिथे तो पोचत नाही, आणि यात त्याचा दोष नाही. त्याचा स्वभावच तो आहे.

ह्यूमलाही ही अडचण दिसली होती हे मान्य करायला हवं. जवळच्याबद्दल जास्त आणि लांबच्याबद्दल कमी वाटतं, म्हणून आपण एका स्थिर, सर्वांना समान अशा जागेवरून पाहून भावना दुरुस्त करून घेतो, असं तो सांगतो. माझा प्रश्न एवढाच, की दुरुस्त करणारं कोण? "तुझं वाटणं इथे कमी पडतंय" हे ज्याला कळतं त्याला मी भावना म्हणणार नाही. धरणांच्या बाबतीत ही दुरुस्ती झाली तीही अशीच. १९७६ साली महाराष्ट्राने प्रकल्पग्रस्तांच्या पुनर्वसनाचा कायदा केला, आणि त्यात एक साधं सूत्र आलं: धरणाचं पाणी ज्यांच्या शेतात जाणार, त्यांच्यातल्या मोठ्या खातेदारांच्या जमिनीतला हिस्सा धरणात ज्यांचं शेत गेलं त्यांना मिळावा. लाभ घेणाऱ्याने तोट्यातला वाटा उचलावा. लाभक्षेत्रातल्या शेतकऱ्याला हे बरं वाटलं का? मुळीच नाही, अजूनही वाटत नाही. बापजाद्यांची जमीन सोडताना त्याच्याही पोटात कालवतं. तरी ते सूत्र बरोबर आहे, आणि ते बरोबर का आहे हे त्याला समोर बसवून सांगता येतं. कोयनेची माणसं हा कायदा होण्याआधीच उठली होती. त्यांच्या वेळी त्यांना समोर बसवून काही सांगावं लागेल अशी तजवीजच नव्हती.

इथे मी स्मिथपासूनही थोडा वेगळा होतो. त्याचा आतला तिऱ्हाईत मला पुरत नाही. धरणाची आखणी करणारे इंजिनिअर, अधिकारी, मंत्री तिऱ्हाईतच होते. त्यांचा त्यात खाजगी स्वार्थ नव्हता, राज्याचं हित त्यांच्या डोळ्यांसमोर होतं. कमी होती ती ज्याचं घर जाणार त्या माणसाची. आजचे काही मानसशास्त्रज्ञ सांगतात की माणूस आधी निकाल देतो आणि मग वकिलासारखी कारणं गोळा करतो. हे खरं आहे, मी स्वतःत ते रोज पाहतो. पण त्यावरून बुद्धी कुचकामी ठरत नाही. ठरतं एवढंच की बुद्धीला एकटं सोडू नये. एकाच डोक्यात तिला कोंडली की ती वकिली करते. ज्याचं नुकसान होणार आहे तो माणूस समोर बसला, त्याला तोंड उघडायची मुभा असली, की त्याच कारणांची दुसरी बाजू पुढे येते. म्हणून नैतिक निकालाची माझी कसोटी एवढीच आहे: ज्याच्याविषयी निकाल देतोय त्याच्या तोंडावर सांगता येईल, आणि तो उलट विचारू शकेल, असं कारण आहे का?

ही कसोटी लावून म्हैसाळचा हिशेब पुन्हा पाहा. तो हिशेब पोटातल्या मुलीला सांगता येत नाही असं कुणी म्हणेल. पण ज्या मुली जन्माला आल्या, त्यांना तो सांगितला गेला होता. साताऱ्यात, माण-खटाव भागात आणि इतरत्रही, तिसरी-चौथी मुलगी झाली की तिचं नाव 'नकुशी' ठेवायची पद्धत होती. नको असलेली. २०११ च्या ऑक्टोबरमध्ये जिल्हा परिषदेच्या पुढाकाराने साताऱ्यात अशा अडीचशेहून अधिक मुलींची नावं समारंभपूर्वक बदलली गेली. त्या नावाने शाळेत हजेरी लावलेली मुलगी आठवीत गेली, आणि तिने आईला विचारलं की माझं नाव असं का, तर कुठलं कारण तिच्या डोळ्यांत बघून देता येईल? "पुढचा मुलगा व्हावा म्हणून" हे बाईला सांगता येतं, नवऱ्याला सांगता येतं, भगताला सांगता येतं. तिला सांगता येत नाही. माझ्या मते त्या प्रथेचं वंगाळपण नेमकं तिथेच आहे, आणि ते शोधायला पंचनाम्याच्या रकान्याबाहेर जावं लागलं तरी पोटातल्या कालवण्यापाशी थांबावं लागत नाही.

उलट बाजूनेही कसोटी लावून पाहिली पाहिजे. जर्मन तत्त्वज्ञ इमॅन्युएल कांट हा बुद्धीवाल्यांचा मेरुमणी. त्याने म्हातारपणी असं लिहिलं, की दारात खुनी आला आणि घरात लपलेल्या माणसाबद्दल विचारू लागला, तरी खोटं बोलणं चूकच. १९४२ नंतरच्या साताऱ्यात, म्हणजे आजच्या सांगलीसकटच्या त्या मोठ्या जिल्ह्यात, क्रांतिसिंह नाना पाटलांच्या प्रतिसरकारचे भूमिगत कार्यकर्ते गावोगावच्या घरांत, मळ्यांत, ज्वारीच्या कणग्यांमागे लपत होते, आणि पोलीस आले की घरातली बाई सांगायची, "हितं कुणीबी आलं न्हाय." कांटचं ऐकलं असतं तर पत्री सरकार आठवडाभरही टिकलं नसतं. त्या बाया चुकल्या असं म्हणणारा माणूस मला या दोन जिल्ह्यांत भेटलेला नाही. माझ्या कसोटीला हे अवघड उदाहरण आहे, कारण समोरच्या पोलिसाला खरं कारण त्या क्षणी सांगता येत नव्हतं. पण त्या खोट्याचं कारण दडवण्यासारखं नव्हतं. चार वर्षांनी त्याच पोलिसाला चावडीवर बोलावून ते उजळ माथ्याने सांगता आलं, आणि त्याला ते खोडता आलं नसतं. नकुशीच्या आईबापांना चाळीस वर्षांनीही ते जमणार नाही.

मला हे सगळं आज लिहावंसं वाटलं, कारण "आमच्या भावना दुखावल्या" हे आपल्या सार्वजनिक आयुष्यातलं शेवटचं वाक्य होऊन बसलं आहे. ते उच्चारलं की पुढे कारण द्यायची गरज उरत नाही. कायदासुद्धा इतकं मानत नाही. १९२७ साली दंडसंहितेत घातलेलं कलम, आता न्याय संहितेत २९९ क्रमांकाने आलेलं, जाणूनबुजून आणि दुष्ट हेतूने धार्मिक भावनांचा अपमान करण्याला गुन्हा म्हणतं. कुणाला तरी दुखलं एवढंच त्याला पुरत नाही. आपण मात्र दुखलं म्हणजे समोरचा चुकला असं धरून चालतो.

कऱ्हाडजवळच्या टेंभूत जन्मलेल्या गोपाळ गणेश आगरकरांनी हा झगडा १८९१ साली पुरता पाहिला. मुलीच्या संमतीचं वय दहावरून बारा करणारा कायदा येत होता. कलकत्त्यात फुलमणी नावाची दहा-अकरा वर्षांची मुलगी नवऱ्याच्या बळजबरीने मेली होती, आणि तरीही महाराष्ट्रातल्या सुशिक्षितांच्या मोठ्या गटाच्या भावना त्या मुलीसाठी नव्हे, त्या कायद्यामुळे दुखावल्या होत्या. आगरकरांची जिवंतपणी प्रेतयात्रा काढणारा समाज भावनाशून्य नव्हता. आज दहा वर्षांच्या मुलीच्या संसाराची कल्पना आली तरी आपल्याला मळमळतं, आणि आपल्याला वाटतं की ही मळमळ निसर्गानेच दिली आहे. ती आगरकरांच्या पिढीने शिव्या खात घातलेल्या वादांतून आपल्यापर्यंत आली आहे. ह्यूमचे आजचे अनुयायी पोटातल्या कालवण्याकडे बोट दाखवतात तेव्हा मला त्यांना हेच विचारायचं असतं, की हे कालवणं तुमच्या पणजोबांच्या पोटात का नव्हतं?

पण नुसता वाद घालूनही माणसाचं मन बदलत नाही, हे मला कबूल आहे. मन बदलायला वेगळी कामं लागतात. कर्मवीर भाऊराव पाटलांनी १९१९ साली कऱ्हाडजवळच्या काल्याला रयत शिक्षण संस्था काढली, पुढे साताऱ्यात वसतिगृह आणलं आणि सगळ्या जातींची पोरं एका पंगतीला बसवली. त्या पंगतीत पहिल्या दिवशी जेवताना कितीजणांच्या घशाखाली घास उतरला नसेल. तो न उतरणं खरं होतं, ढोंग नव्हतं. तो सोवळ्याचा शहारा एका पोराकडून दुसऱ्या पोराच्या तोंडावर सांगता येण्यासारखा नव्हता म्हणून चुकीचा होता. आणि तो गेला मात्र रोज एकत्र भाकरी खाऊन, एकत्र दळून, एकत्र पाणी भरून. बोर्डिंगच्या पोरांच्या तोंडी घास पडावा म्हणून भाऊरावांच्या पत्नी लक्ष्मीबाईंनी मंगळसूत्र मोडलं. त्या माउलीने कारणांची यादी केली नसेल. पण तिच्या त्या मायेला आधी कुणीतरी जातीचं कुंपण ओलांडून नेलं होतं, आणि ते कुंपण चुकीचं का, हे आधी कुणाला तरी बुद्धीने कळलेलं होतं. माया नसती तर ते कळून काही उपयोग नव्हता, हेही तितकंच खरं, आणि इथे मला दोन्हींतलं एक निवडा म्हणणाऱ्यांची घाई पटत नाही. प्रश्न निकालाचा आधार काय असा असेल, तर मी कारणाच्या बाजूचा आहे. माणूस त्या निकालाप्रमाणे वागायला कशाने उठतो असा असेल, तर मायेच्या.

महाराष्ट्राने २०१६ साली सामाजिक बहिष्काराच्या विरोधात कायदा मंजूर केला, २०१७ पासून तो लागू आहे. वाळीत टाकणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. साताऱ्याच्या नरेंद्र दाभोलकरांनी उभारलेल्या अंधश्रद्धा निर्मूलन समितीने त्यासाठी गावोगाव जातपंचायतींच्या पुढ्यात जाऊन प्रश्न विचारले होते. पंचायतीत माणसाला समोर बोलावतात खरं, पण दंड ऐकायला. उलट विचारायला नाही. एवढ्या एका फरकावर तो सगळा खेळ उभा असतो, आणि घरोघरच्या सोप्यातली बैठकही त्यापासून फार लांब नसते.

आमच्या बैठकीत आजीच्या प्रश्नाला उत्तर मिळालं नाही, तेव्हा थोरले काका पुन्हा भावकीचं सांगू लागले. आजी म्हणाली, "तिच्या म्होरं बोला. ती हितंच हाय." आणि तिने आत हाक मारली. बहीण बाहेर आली, खांबाला टेकून उभी राहिली. काकांनी दोनदा तोंड उघडलं. मग त्यांनी चष्मा काढून धोतराच्या सोग्याने पुसला आणि म्हणाले, "उभी का हायस, बस की." ती बसली. पुढे तो जावई दोनतीन वर्षांत घरचा झाला, उसाच्या तोडीच्या वेळी रजा काढून यायला लागला. काकांनीच त्याला भावकीत नेलं. आत्या मात्र अजून त्यांच्याकडे जेवत नाही. बरं वाटत नाही म्हणते. गेल्या दिवाळीत साताऱ्याला गेली होती तेव्हा पहिल्यांदा त्यांच्या घरी चहा घेतला, आणि बहिणीच्या मुलीला मांडीवर घेऊन बराच वेळ बसली.